दोन पाती आणि उपाशी मास्तर

आमच्या खैरगव्हाणचा इतिहास लिहायचा आहे, असा फोन मला गेल्या महिन्यात दोनदा आला. एकदा थोरल्या पातीतून, एकदा धाकट्या पातीतून. मारुतीच्या देवळाचा जीर्णोद्धार झाला आहे, त्या सोहळ्यात गावाचा गौरवग्रंथ काढायचा आहे, आणि गावातली पहिली शिकलेली बाई म्हणून गावाच्या उज्ज्वल परंपरेवर मी चार पानं लिहावीत, असं दोघांचंही म्हणणं. दोघंही मला आत्याच म्हणतात. दोघांनीही फोन ठेवता ठेवता आवाज खाली आणून सांगितलं, "आत्या, पयल्या मास्तरचं तेवढं नीट लिवा. मास्तर गावात आले तवा पयलं जेवण आपल्याच घरी झालं होतं, हे येऊ द्या." मी दोघांनाही बरं म्हटलं. लातुरात मुलींच्या शाळेत आयुष्य काढलेल्या बाईला समोरचा खोटं बोलत असताना मध्येच न थांबवण्याची सवय लागते. पूर्ण बोलू दिलं की शिक्षा करायला सोपं जातं.

तर उज्ज्वल परंपरा. आमचं गाव दोन भावांनी वसवलं. पाच-सहा पिढ्यांपूर्वी हे दोघे गुरं हाकत कुठून तरी आले आणि नदीच्या अलीकडच्या माळावर थांबले. कुठून आले आणि का आले, हे कोणी सांगत नाही. भरलं घर आणि पिकती जमीन टाकून कोणी गुरं हाकत दुसऱ्या मुलखात जात नाही, तेव्हा काही तरी करून पळाले असणार, हे मला सहाव्या-सातव्या वर्षीच कळलं होतं. थोरल्याची संतती ती थोरली पाती, धाकट्याची ती धाकटी. आम्ही धाकटे. थोरले म्हणायचे, आमच्या पूर्वजानं खैराच्या झाडाखाली आधी खुंट रोवला, म्हणून गाव आमचं. धाकटे म्हणायचे, खुंट कोणीही रोवतो, आमच्या पूर्वजानं आधी विहीर खणून पाणी काढलं, म्हणून गाव आमचं. एवढाच आमच्या गावाचा इतिहास. बाकी सगळं त्याचंच भांडण.

आणि भांडण म्हणजे कसं, तर मानाचं. गावात जे काही व्हायचं त्यात पहिला मान कोणाचा, हे ठरल्याशिवाय काहीच व्हायचं नाही. होळ्या दोन पेटायच्या, देवळाच्या दोन बाजूंना, एकाच वेळी. पोळ्याला तोरणं दोन. विहीर एक, पण तिच्यावर रहाट दोन, आणि थोरल्यांच्या सुना धाकट्यांच्या रहाटाला हात लावायच्या नाहीत, मग त्यांचा दोर तुटलेला का असेना. मारुतीपुढं नारळसुद्धा दोन. देवळातला गुरव एका हातात एक आणि दुसऱ्या हातात एक धरून दोन्ही एकदमच पायरीवर आपटायचा. एका साली त्याचा उजवीकडचा नारळ आधी फुटला. थोरल्यांनी त्या वर्षी त्याचं बलुतं अडवलं. गुरवानं बिचाऱ्यानं पुढं घरामागं बसून दगडांवर सराव केला. हे मी गंमत म्हणून सांगत नाही, मी डोळ्यांनी पाहिलेलं आहे.

आमच्या घरात तात्या म्हणजे माझे आजोबा कर्ते. त्यांच्या खाली माझे वडील, ज्यांना आम्ही आप्पा म्हणायचो. तात्या ओसरीवर तक्क्याला टेकून बसायचे आणि दिवसभर थोरल्यांच्या दाराकडं बघायचे. त्यांच्याकडं कोण आलं, कोण गेलं, बैल काय भावाचे आणले, याच्यापलीकडं त्यांना दुसरं काम मी पाहिलं नाही. शेत आप्पा बघायचे आणि घर माय बघायची. पहाटे जात्याच्या घरघरीनं आम्ही उठायचो, मग चुलीत तुराट्या तडतडायच्या, आणि माय भाकरी थापायला लागली की तो थपथप आवाज मला पांघरुणात ऐकू यायचा. खाणं आमचं ज्वारीची भाकर, येसराची आमटी, जवसाची नाही तर शेंगदाण्याची चटणी. गहू घरात असायचा, पण तो मानाचा. पाहुणा आला, सण आला, आणि मुख्य म्हणजे थोरल्यांनी पुरण घातल्याचा वास आला, तरच तो निघायचा. कित्येकदा आमच्याकडं पुरणपोळी केवळ वासाला उत्तर म्हणून झालेली आहे.

माय मुरुडची. मुरुड म्हणजे मोठा बाजार, पेठ, माणसांची वर्दळ. तिचा भाऊ लातूरला शिकायला होता, आणि सुट्टीत तो धडे वाचायला बसला की मायही त्याच्याशेजारी बसायची. तेवढ्यावर ती वाचायला शिकली होती. हे गाव तिला पहिल्या दिवसापासून हास्यास्पद वाटलं असणार, पण पाटलाची सून म्हणून डोक्यावरचा पदर डोळ्यांपर्यंत ओढून ती गप्प राहिली. मला मात्र पदराखालचं तिचं हसू दिसायचं. मी तिच्यावरच गेले, आणि याचा मला अजून आनंद आहे. तात्यांवर गेले असते तर मी आज तक्क्याला टेकून कोणाच्या तरी दाराकडं बघत बसले असते.

निजामाचं राज्य होतं. हैदराबाद आम्हाला फार लांब, अहमदपूरची कचेरी जवळ. त्या कचेरीतून एक दिवस उर्दूत कागद आला. पटवाऱ्यानं चावडीवर वाचून त्याचा अर्थ सांगितला, की खैरगव्हाणला सरकारनं चौथीपर्यंतची शाळा मंजूर केली आहे, मास्तर येईल, इमारत होईपर्यंत मारुतीच्या देवळात शाळा बसेल, आणि पोरी पाठवल्या तरी चालतील. तात्यांनी घरी येऊन ते सांगितलं, तेव्हा हे शेवटचं वाक्य मायनं माजघराच्या दाराआडून ऐकलं. त्याच आठवड्यात तात्यांनी माझ्यासाठी अर्धापूरचं एक स्थळ आणलेलं होतं. केळीचे मळे, दारात गाड्या, आणि नवरा मुलगा मिशांचा, माझ्या तिप्पट वयाचा. मी अजून परकर वर खोचून चिंचा पाडत होते. मायनं आप्पांना एवढंच विचारलं, "पोरीला शाळंत बसवायचं का?" आप्पा तसे वाईट नव्हते, फक्त तात्यांचे चिरंजीव होते. ते म्हणाले, "गावात शाळा निघाली तर बसव. चार वर्सं लग्नाचं थांबवतो मी तात्यांना. पण आपल्या घरची पोर शाळंसाठी गावाबाहेर जाणार न्हाई. न्हाई निघाली तर उन्हाळ्यात अर्धापूर." म्हणजे माझा सगळा जीव त्या मास्तरमध्ये अडकला होता.

मास्तर आले ते मार्गशीर्षात, सकाळी. नांदेडचा वीस-बावीस वर्षांचा किडकिडीत मुलगा, अंगात काळा कोट, काखेत फळा, आणि मागं एका हमालाच्या डोक्यावर पत्र्याची ट्रंक. नाव दिगंबर. पहाटेपासून चालत आले होते. हमालाला पैसे देऊन त्यांनी परत पाठवलं आणि देवळाच्या पायरीवर बसले. गुरवानं घोंगडी टाकली. गाव जमा झालं. मी देवळाच्या खांबाला मिठी मारून त्यांच्याकडं बघत होते, आणि मला ते देवच वाटले.

दोन्ही घरांत पहाटेच पुरण शिजलं होतं. मास्तर टेकतात तोच थोरल्यांचे भाऊराव येऊन म्हणाले, "चला मास्तर, ताट वाढलंय." आमचे तात्या काठी टेकत आले आणि म्हणाले, "चला, ताट वाढलंय." मास्तर आनंदानं उठून उभे राहिले आणि विचारलं, "आधी कुठं जायचं?" असा प्रश्न आमच्या गावात विचारायचा नसतो, हे नांदेडच्या माणसाला कसं ठाऊक असणार?

तात्यांनी विहिरीपासून सुरुवात केली. भाऊरावांनी खुंटापासून. पूर्वजांची नावं निघाली, गुरं निघाली, मागच्या साली फुटलेला नारळ निघाला. मास्तर परत बसले. बऱ्याच वेळानं त्यांनी सुचवलं, "दोन्ही घरची ताटं इथंच आणा, मी दोन्ही खातो." त्यावर पहिला घास कोणत्या ताटातला, हा प्रश्न उभा राहिला. मास्तर हुशार होते, पण त्यांना गावाचा अंदाज नव्हता. ते म्हणाले, "मग दोन्ही पोळ्या एकत्र कुस्करतो." तात्यांचा चेहरा असा झाला, की जणू कोणी मारुतीच्या मूर्तीवर थुंकलं. "आमच्या पुरणात त्यायचं पुरण?" ते म्हणाले. आयुष्यात पहिल्यांदा भाऊरावांनी त्यांना दुजोरा दिला. मास्तरांनी पाणी मागितलं. कोणत्या रहाटाचं, यावर पुन्हा कडाक्याचं भांडण सुरू झालं, आणि शेवटी गुरव कळशी घेऊन नदीवर गेला. मग मास्तर थकून म्हणाले, "आज माझा उपवासच समजा. उद्या बघू." हे सगळ्यांना पटलं. आणि लगेच, उद्या उपवास कोणाच्या घरी सोडायचा, यावर बैठक बसली.

दुपार टळून गेली. दोन्ही घरांतून तुपाचा, वेलदोड्याचा, कटाच्या आमटीचा वास देवळापर्यंत येत होता, आणि त्या वासात तो पोरगा भिंतीला टेकून डोळे मिटून बसला होता. मी घरी पळत जाऊन मायला सांगितलं, "माय, मास्तर उपाशी मरून राहिले." पुरणाच्या पातेल्याकडं मायनं पाहिलंसुद्धा नाही. चुलीतला विस्तव पुढं ओढला, दोन भाकरी थापल्या, पिठलं हाटलं, कांदा फोडला आणि सगळं फडक्यात बांधून माझ्या हाती दिलं. "परकराच्या ओच्यात धर. कोणी इचारलं तर आजीच्या समाधीला निवद म्हण. मास्तरला मागच्या अंगानं दे."

मागच्या अंगानं गेले, पण तात्यांची नजर अख्ख्या गावात फक्त असल्या गोष्टींसाठीच तयार झालेली होती. त्यांनी मला देवळाच्या ओट्याशी धरलं आणि फडकं सोडलं. भाकर, पिठलं, कांदा. ते संतापले, पण कशासाठी ते ऐका. "पाटलाच्या घरचं पयलं ताट, अन् पिठलं? थोरलीवाले काय म्हणतील?" थोरलीवाले काय म्हणतील ते थोरलीवाल्यांनी तिथंच सांगितलं, "बघा, बघा! पोरीच्या हातानं चोरून मान घेऊन राहिले!" आता ती भाकर म्हणजे पुरावा झाली. ती बैठकीच्या मधोमध फडक्यावर ठेवण्यात आली. निकाल लागेपर्यंत तिला कोणी हात लावायचा नाही असं ठरलं. मास्तरांनी डोळे उघडले होते. ती भाकर त्यांच्यापासून हातभर अंतरावर होती, आणि त्यांची नजर तिच्यावरून हलत नव्हती. मला रडू फुटलं. इतक्या मोठ्या माणसांची मला इतकी किळस यापूर्वी कधी आली नव्हती, आणि खरं सांगायचं तर ती पुढं कधी पूर्ण गेलीही नाही.

भाकरीचा निकाल शेवटी एका कुत्र्यानं लावला. बोलणं तापलं होतं, कोणाचं लक्ष नव्हतं, ते पायांमधून आलं आणि फडक्यासकट भाकर घेऊन गेलं. ते कुत्रं कोणत्या पातीचं, यावरही थोडा वेळ गेला.

मास्तर उठले. "नदीवर हातपाय धुऊन येतो," म्हणाले. हातपाय धुवायला माणूस ट्रंक का नेतो, हे विचारायला कोणाला सवड नव्हती. मी खांबाआडून बघत होते. ट्रंक स्वतःच्याच डोक्यावर, काखेत फळा, काळा कोट वाऱ्यानं उडतोय, आणि ते नदीच्या उतारावरून खाली खाली जात दिसेनासे झाले. शाळा गेली, हे मला तिथंच समजलं. अर्धापूरच्या मिशा डोळ्यांसमोर आल्या.

नदीपलीकडं वाळकी. दहा-बारा घरांची धनगरांची वस्ती, जिला आमच्या गावात कोणी गाव म्हणायचं नाही. तिला इतिहास नव्हता, पाटील नव्हता, वेस नव्हती. तिथल्या गिरजा म्हातारीनं डोक्यावर ट्रंक घेतलेला ओला पोरगा पाहिला. पुढं मास्तर आम्हाला वर्गात हे कितीदा तरी सांगायचे. तिनं नाव विचारलं नाही, गाव विचारलं नाही, जात विचारली नाही. "जेवलास का रे लेकरा?" एवढंच म्हणाली, आणि उत्तराची वाट न बघता शिळी भाकर दुधात कुस्करून पुढं ठेवली. मास्तरांनी तिच्याच पडवीत मुक्काम केला, आणि सकाळी शेळ्या रानात गेल्या की मोकळ्या झालेल्या वाड्यात फळा उभा केला. कचेरीला शाळा नदीच्या कोणत्या अंगाला भरते याचं काही देणंघेणं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी आमच्या गावाला जाग आली. आपली शाळा धनगरांनी पळवली, असं ठरलं. मास्तरला मानानं परत आणायचं, म्हणून दोन्ही पातींच्या गाड्या जुंपल्या. बैलांना झुली घातल्या, तात्यांनी ठेवणीतला रुमाल बांधला. आमची गाडी आप्पा हाकत होते, थोरल्यांची भाऊराव. आता आमच्या गावाच्या वेशीतून एका वेळी एकच गाडी जाते. हे सगळ्या गावाला जन्मापासून ठाऊक होतं. तरीही दोन्ही गाड्या एकदमच वेशीत घुसल्या, चाकं एकमेकांत अडकली, जू जुवाला लागलं, आणि मागं कोण सरणार यावर दोघेही बसून राहिले. मागं सरणाऱ्याचा मान गेला. गाडीवरून उतरणाऱ्याचाही गेला, कारण तेवढ्यात दुसऱ्यानं गाडी पुढं काढली तर?

मायनं हे माडीच्या खिडकीतून पाहिलं. खाली आली, मला नवा परकर घातला, वेणी घातली, फडक्यात भाकरी बांधल्या आणि माझा हात धरून निघाली. पाटलाची सून भर दिवसा, सगळ्या गावादेखत, एकटी. लोकांनी वाट सोडली. वेशीत अडकलेल्या गाड्यांच्या आणि भिंतीच्या मधून आम्ही आडव्या होऊन निघालो. आप्पा वर बसलेले, हातात कासरा. त्यांनी विचारलं, "कुठं चाललीस?"

"शाळंत."

"शाळा गावात न्हाई."

मायनं पदर मागं सारून मान वर केली. तिचं तोंड गावानं त्या दिवशी पहिल्यांदा उघडं पाहिलं असेल. "जिथं मास्तरला भाकर भेटली, ते गाव," ती म्हणाली. "मी तेच गाव समजते. तुम्ही बसा मान धरून. पोरीला सोडून येते."

आप्पा रागानं लाल झाले. अर्धे उठले. भाऊरावांनी लगेच बैलांच्या पाठीवर हात ठेवला. आप्पा परत खाली बसले. उतरले असते तर त्यांनी मायला हाताला धरून घरी नेलं असतं, यात मला शंका नाही, पण उतरले असते तर थोरल्यांची गाडी पुढं गेली असती. माय हे ओळखूनच निघाली होती. नदी उतरताना ती इतकी हसली, की आम्हाला पाण्यात थांबावं लागलं.

संध्याकाळी घरी काय होतंय म्हणून मी कणग्यांमागं लपले. तात्या ओरडून थकले तेव्हा आप्पांनी मायला विचारलं, "थोरल्या पातीचं कोणी पोर आलं होतं का शाळंत?" माय म्हणाली, "न्हाई." मग तात्यांनीच घसा साफ करून सांगितलं, "मंग जाऊ दे पोरीला. पयलं पोर आपलं बसलं म्हनावं." दुसऱ्या दिवशी भाऊरावांचे दोन नातू गड्यांच्या खांद्यावर बसून नदी पार करून आले. पावसाळ्यात पूर आला तरी दोन्ही घरांची पोरं चुकायची नाहीत, कारण चुकलं तर दुसरं पुढं जाईल. अर्धापूरचं स्थळ मागं पडलं. पुढं चौथीनंतर मला मुरुडला मामाकडं पाठवलं तेही, भाऊरावांनी नातवाला लातूरला ठेवल्याचं कळलं म्हणून. माझ्या शिक्षणाबद्दल लोक आप्पांचं आणि तात्यांचं कौतुक करतात, सुधारक म्हणतात. माणसाच्या कोत्या मनाचा एवढा चांगला उपयोग फक्त माझ्या मायनं करून घेतला.

हे मी गौरवग्रंथासाठी लिहून पाठवणार आहे. छापणार नाहीत, ते मला ठाऊक आहे. पयलं जेवण कोणाच्या घरी झालं, याचं उत्तर गिरजा म्हातारीच्या घरी झालं, शिळी भाकर आणि दूध, असं आहे, आणि ते दोन्ही पातींना चालणार नाही. काल पुन्हा दोन्हीकडून फोन आले. सोहळ्याला गाडी पाठवतो, या. मग थोरल्यांचा मुलगा म्हणाला, "आत्या, त्या दिवशी जेवाय मात्र आमच्याच घरी यायचं." थोड्या वेळानं आमच्या घरचा म्हणाला, "आत्या, पयले आपल्या घरी जेवायचं, मंग कुठं बी जा."

मी दोघांनाही सांगितलं, की येते, पण भाकर घरून बांधून आणीन आणि नदीपलीकडं बसून खाईन.